ओ

हाक कापलेलीच होती. ती नेहमीच कापलेली असायची. माणूस घरातल्या यंत्राला त्याच्या नावाने हाक मारतो, यंत्र जागं होतं, आणि तिथून पुढचं जे बोलणं कंपनीकडे पोचतं त्यात ती हाक नसते. हाकेनंतरच्या पहिल्या श्वासापासून तुकडा सुरू होतो. यंत्राने काय उत्तर दिलं तेही काढून टाकलेलं असतं, कारण ते कंपनीला ठाऊकच असतं. उरतं ते एका माणसाचं अर्धंमुर्धं बोलणं. असे तुकडे दिवसभर ऐकायचे, माणूस खरोखर यंत्राशी बोलत होता की यंत्र उगीचच जागं झालं होतं ते ठरवायचं आणि बटण दाबायचं, हे तिचं काम. चहा पिऊन ती जागेवर आली, कानांवर हेडफोन चढवले, पुढचा तुकडा उघडला, आणि एक बाई म्हणाली, "आहेस ना गं?" मग बराच वेळ काही नाही. पातेल्याच्या काठावर चमचा दोनदा आपटला. मग तीच बाई, थोडं हसून, "नाही, काही नाही. नुसतं विचारलं." तुकडा संपला. बटणाकडे गेलेला तिचा हात तिथेच राहिला. ती तिची आई होती.

आधी तिने स्वतःची समजूत घातली. लाखो घरं, लाखो बायका, आणि एका वयानंतर बायकांचे आवाजही एकमेकींसारखे व्हायला लागतात. शेजारच्या खुर्चीवर मास्तर बसायचे. सगळी हयात पोरांना गप्प बसा म्हणून सांगण्यात गेली आणि आता म्हातारपणी लोकांचं ऐकण्याचा पगार मिळतोय, असं ते स्वतःच सांगून हसायचे. त्यांना एकदा आपल्या गेलेल्या बायकोचा आवाज ऐकू आल्याचा भास झाला होता आणि दिवसभर त्यांचं कामात लक्ष नव्हतं. तेव्हा ती त्यांना म्हणाली होती, मास्तर, मन असं खेळ करतं, मनावर घेऊ नका. ते आता तिने स्वतःला सांगून पाहिलं आणि तुकडा पुन्हा लावला. चमचा दोनदाच आपटला. ढवळून झालं की चमचा काठावर दोनदा आपटायचा, तिसऱ्यांदा कधीच नाही, आणि मग तो पातेल्यातच आडवा ठेवून गरम करून घ्यायचा, मग हात भाजला की चमच्यालाच बोल लावायचा. अशी बाई जगात एकच होती. आणि ते 'नुसतं विचारलं' तर तिने आयुष्यात किती वेळा ऐकलं होतं याला गणती नव्हती.

लहानपणी घरात एक नियम होता. आईने हाक मारली की घराच्या कुठल्याही कोपऱ्यातून 'ओ' द्यायची. काम असो वा नसो. खरं तर काम बहुतेक नसायचंच. आई स्वयंपाकघरात, ती बाहेरच्या खोलीत नाहीतर जिन्यात नाहीतर पलंगाखाली, आणि मध्येच आतून हाक यायची, "साळू". साळुंकीसारखी अखंड बडबडायची म्हणून साळू. "ओ." मग थोडा वेळ काही नाही, आणि मग, "काही नाही, नुसतं विचारलं." एवढंच. ती पुन्हा खेळात गुंग व्हायची. त्या हाकेचं तिला कधी ओझं वाटलं नाही. घरात घड्याळ वाजावं तशी ती वाजायची आणि घर चालू आहे एवढं कळायचं. मग ती मोठी झाली. मोठी झाली म्हणजे दार लावून बसायला लागली. हाक आली की कपाळाला आठ्या पडायला लागल्या. मी काय पळून चालले आहे का, असं एकदा तिने आतूनच सुनावलं होतं. मग ओ द्यायला उशीर व्हायला लागला, मग दोनतीन हाका झाल्यावर एक ओ, आणि मग एके दिवशी आईने हाक मारणंच बंद केलं. भांडण नाही, काही नाही. तेव्हा तिला बरंच वाटलं होतं. आपली एक खोली, तिला आतून कडी, आणि कुणी विचारायला येणार नाही, यापलीकडे सुख नाही असं तिला वाटायचं आणि पुढे नोकरी लागल्यावर तिने ते सुख भाड्याने घेतलं, पार दुसऱ्या शहरात. आता तिला वर्षानुवर्षं कुणी दुसऱ्या खोलीतून हाक मारली नव्हती. तिच्या घरात दुसरी खोलीच नव्हती.

पडद्यावर चार बटणं होती. 'यंत्राशी', 'यंत्राशी नाही', 'सांगता येत नाही', आणि वरच्या कोपऱ्यात लाल रंगाचं 'ओळखीचा आवाज'. नियम सरळ होता. आवाज ओळखीचा वाटला तर लाल बटण दाबायचं, तुकडा नाहीसा होतो आणि दुसऱ्या कुणाच्या तरी कानाकडे जातो; पुढे ऐकायचं नाही, पुन्हा लावायचा नाही, कुणाला सांगायचं नाही. तिने तोपर्यंत तुकडा इतक्यांदा लावला होता की नियमाचं नाव काढायलाही तोंड उरलं नव्हतं. लाल बटण दाबायचं म्हणजे आईला परक्याच्या हाती द्यायचं. दुसरं कुठलंही दाबलं तरी तुकडा जाणारच, कारण एकदा बटण दाबलं की परत काही ऐकता येत नाही. म्हणून तिने काहीच दाबलं नाही. मास्तरांनी एकदा वळून पाहिलं, तिचा चेहरा पाहिला, आणि शहाण्या माणसासारखं पुन्हा आपल्या पडद्याकडे तोंड केलं. त्या खोलीत सगळे एकमेकांशी खुणांनीच बोलायचे आणि सगळ्यांना कानाडोळा करण्याची चांगली सवय होती.

तुकड्यातला तो आवाज तिला हवा होता, गोष्ट इतकी साधी होती. फोनवरची आई वेगळी. फोनवरची आई फोन उचलतानाच उभी राहायची बहुतेक, कारण तिचा आवाज कुणाच्यातरी कचेरीत अर्ज द्यायला गेल्यासारखा यायचा. सगळं ठीक आहे. तू जेवलीस का. तब्येत सांभाळ. बरं ठेवते, तुला कामं असतील. आणि ठेवायची. वडील गेल्यानंतर तर ते बोलणं आणखी आखूड झालं, जणू प्रत्येक शब्दाचा भार मुलीवर पडतोय. तुकड्यातल्या आईला कसलीच घाई नव्हती. 'आहेस ना गं' असं ती म्हणाली तेव्हा त्या 'गं' वर ती जरा रेंगाळली होती, दारात उभं राहून कुणाशी बोलताना चौकटीवर खांदा टेकवावा तशी. हा आवाज अजून आहे, तो संपलेला नाही, तो त्या घरात रोज वापरात आहे, फक्त आपल्या वाट्याला येत नाही, हे तिला कळलं आणि तिने तुकडा पुन्हा लावला.

यंत्र तिनेच दिलेलं होतं. वडिलांनंतरच्या पहिल्या सुट्टीत ती घरी गेली तेव्हा बरोबर घेऊन गेली होती. वेळ सांगतं, गाणी लावतं, औषधाची आठवण करतं, असं आईला पटवून दिलं होतं. खरं कारण तिने आईला सांगितलं नव्हतं आणि स्वतःलाही नीट सांगितलं नव्हतं: घरात ओ द्यायला कुणीतरी असावं, म्हणजे आपल्याला रोज फोन करावा लागू नये. आणि त्या यंत्रात एक पर्याय असतो, तुमचं बोलणं सुधारणेसाठी कंपनीला पाठवू का म्हणून. तो बंद करता येतो. तिच्या धंद्यातला प्रत्येक माणूस कुणाच्याही घरी गेला की पाणी प्यायच्या आधी तो पर्याय बंद करून देतो. तिनेही किती मैत्रिणींकडे केला होता. स्वतःच्या घरात तर तिने असलं यंत्र ठेवलंच नव्हतं, लॅपटॉपच्या डोळ्यावर चिकटपट्टी लावली होती, आणि कोण कुठून ऐकत असेल या धास्तीने तिने हळूहळू एकटीने गुणगुणणंही सोडलं होतं. आईच्या यंत्रात मात्र तो पर्याय चालूच राहिला. निघायची घाई होती, गाडी चुकेल म्हणून आई मागे लागली होती, विसरलं असेल. आता पडद्यासमोर बसून तिने स्वतःला विचारलं, खरंच विसरलं का. मनाच्या कुठल्या तळाशी तेव्हाच वाटलं असेल का, की असू दे, कधीतरी, लाखात एकदा, कानावर पडेल.  प्रश्न सुचला यातच काय ते आलं, असं वाटून ती कानकोंडी झाली.

संध्याकाळी देखरेखवाली बाई फेरी मारायला आली. तिच्या खुर्चीमागे थांबली आणि आज तब्येत बरी नाही का म्हणून विचारलं, कारण काम जवळजवळ झालंच नव्हतं. बाई वाईट नव्हती. ती म्हणाली, एकच तुकडा बराच वेळ अडलेला दिसतोय, काही अडचण असेल तर सोडून द्या. मागे बाई उभी आणि पुढे चार बटणं. प्रश्न एकच होता आणि तो दिवसभर तिच्यासमोर होता: कापलेली हाक कुणाची होती. आईने यंत्राचं नाव घेतलं आणि यंत्राला विचारलं, आहेस ना? की रिकाम्या घरात सवयीने साळू म्हणून हाक गेली, आणि ते मेलं यंत्र, जे कुणाच्या खोकल्यानेही जागं होतं, तेच ओ द्यायला पुढे आलं? पहिलं खरं असेल तर आईला ओ देणारं कुणीतरी मिळालं होतं आणि ते तिनेच आणून दिलं होतं. दुसरं खरं असेल तर आई इतक्या वर्षांनी पुन्हा हाक मारत होती. "यंत्राशीच बोलतायत," देखरेखवाली बाई मागून सहज म्हणाली, "स्पष्ट आहे की." तिने 'यंत्राशी' दाबलं. पुढचा तुकडा आला. कुणीतरी पुरुष उद्या पाऊस आहे का विचारत होता.

त्यानंतर प्रत्येक तुकड्यापूर्वी तिचे कान टवकारले जायला लागले. बटण दाबायचं, नवा तुकडा उघडायचा, पहिल्या श्वासाला ओळखायचं की ही नव्हे. भांडणं, लहान मुलांचे हट्ट, आजारी माणसाचं कण्हणं, कुणी एकटाच हसणारा, कुणी यंत्राचे आभार मानून वर माफीही मागणारा. एवढी घरं तिच्या कानांतून रोज जायची आणि त्यातल्या एकाही घरात तिला कुणी ओळखत नव्हतं. पूर्वी तिला त्याचं काही वाटायचं नाही. उलट, गुपचूप कुणाच्या तरी स्वयंपाकघरात उभं राहिल्याची ऊब मिळायची आणि बदल्यात काही द्यावं लागायचं नाही. आता सगळी घरं तिला आईचं घर नसलेली वाटायला लागली. थंडी आली, खिडक्या बंद झाल्या, ती राहायची तिथे वरच्या मजल्यावरच्या माणसाच्या चपला सकाळ-संध्याकाळ वाजायच्या. तो कोण हे तिला माहीत नव्हतं, पण तो कधी उठतो, कधी आजारी असतो हे माहीत होतं. एकदा ती फोनवर आडून आडून म्हणाली, यंत्र चालतं का गं नीट? चालतं की, आई म्हणाली, हुशार आहे. काय विचारतेस त्याला? काय विचारायचं, वेळ, हवा, आई म्हणाली, आणि लगेच, तू जेवलीस का. ती जेवली नव्हती. हो म्हणाली. दोघींनी एकमेकींना थापा मारल्या आणि फोन ठेवला. त्या दिवशी तिने रजेचा अर्ज टाकला.

घरी पोचल्यावर तिने सांगितलं की कामासाठी या बाजूला आले होते, म्हटलं डोकवावं, उद्या निघायचंय. आईने कुठलं काम ते विचारलं नाही. आई आणखी लहान झाली होती आणि घर होतं तेवढंच होतं, त्यामुळे मधल्या मोकळ्या जागा वाढल्यासारख्या वाटत होत्या. जेवणाच्या टेबलाशी तीन खुर्च्या. वडिलांच्या खुर्चीवर वाळलेल्या कपड्यांच्या घड्या होत्या. तिच्या खुर्चीवर, एका पालथ्या डब्यावर, यंत्र ठेवलेलं होतं. प्लग तिथे जवळ पडतो म्हणून, आई म्हणाली आणि घाईघाईने ते उचलून कपाटावर ठेवलं, घरात पाहुणा आल्यावर पसारा आवरावा तसं. मग दोघी जेवल्या. आईने पगाराचं विचारलं, घरमालकाचं विचारलं. ती उत्तरं देत गेली. समोरासमोर बसूनही आई फोनवरच्याच आवाजात बोलत होती, आणि आपलाही आवाज तसाच येतोय हे तिला ऐकू येत होतं. दिवसभर आवाज ऐकण्यात जन्म गेलेल्या माणसाला एवढं तरी कळतंच. बोलता बोलता बोलणं संपलं. दोघींची नजर एकदमच कपाटावर गेली आणि दोघींनी ती एकदमच वळवली. तू पड जरा, आई म्हणाली, प्रवासाने दमली असशील.

ती आपल्या जुन्या खोलीत आडवी झाली. दार तिने लोटलं, पण कडी लावली नाही. खिडकीच्या पडद्यातून दुपारचं ऊन भिंतीवर आलं होतं. भांडी वाजली, नळ सुरू झाला, नळाच्या आवाजात आईने काहीतरी म्हटलं ते विरून गेलं, आणि नळ बंद झाल्यावर उरलेलं वाक्य नीट ऐकू आलं.

"झोपलीये बहुतेक," आई म्हणत होती. "रोडावलीये गं." चमचा दोनदा आपटला. तोच आवाज होता. ती अंथरुणात निश्चल झाली. श्वासाचाही आवाज होऊ नये असं तिला वाटलं. "उद्याच निघते म्हणते. तिला कसं विचारायचं, राहतेस का म्हणून?"

"माफ करा," यंत्र उत्साहाने म्हणालं, "मला हे समजलं नाही. तुम्ही दुसऱ्या शब्दांत विचारू शकता."

"नाही, काही नाही," आई म्हणाली. "नुसतं विचारलं."

जो आवाज ऐकण्यासाठी तिने महिनोन् महिने परक्यांची घरं पालथी घातली होती तो एका लोटलेल्या दारापलीकडे होता. ती नुसती पडून राहिली असती तर आणखीही ऐकायला मिळालं असतं. तिला ते फार चांगलं जमायचं. कुणाला न कळता ऐकत राहणं, यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. आणि एकदा बोललं की आईला कळणार, आई ओशाळणार, तोंडाला कुलूप लागणार, आणि मग मरेपर्यंत फोनवरचीच आई वाट्याला येणार. तिला खरोखर भीती वाटली. तरी ती म्हणाली, "राहते."

बाहेर चमचा खाली ठेवल्याचा आवाज आला. मग पावलं आली आणि आई दारात उभी राहिली, हात पुसत. जागी होतीस का, तिने विचारलं. हो. ऐकत होतीस? हो. आणि मग तिने उठून बसून सगळं सांगून टाकलं, कारण आता अर्धं सांगण्यात अर्थ नव्हता: आपण कचेरीत नेमकं काय करतो, लोकांच्या घरातले तुकडे कसे येतात, त्यात एकदा हे घर कसं आलं, आणि यंत्रातला तो पर्याय आपण बंद केला नव्हता. आईला आजवर ती कॉम्प्युटरवर काम करते एवढंच माहीत होतं. ऐकता ऐकता आईचा चेहरा लाल झाला, कपडे बदलताना कुणी दार उघडावं तसा. ती पलंगाच्या कडेवर बसली आणि चादरीची नसलेली सुरकुती सारखी करायला लागली. आणखी कुणी ऐकतं का, तिने विचारलं. ऐकतात, पण तू कोण ते त्यांना कळत नाही. "तुला कळलं," आई म्हणाली. "हो." कधीची गोष्ट, आईने विचारलं. थंडी पडायच्या आधीची. आईने खिडकीबाहेर पाहिलं. थंडी सरत आली होती.

"ऐकलंस," आई म्हणाली, "तर ओ का नाही दिलीस?"

तिच्याजवळ उत्तरं होती. नियम होते, नोकरी होती, आवाज एकाच बाजूने येतो, तिकडून बोलता येत नाही. फोन मात्र दोन्ही बाजूंनी होता, आणि तो तिच्या हातातच होता. तिला रडू आलं, आणि ते लपवायला या खोलीत कोपरा नव्हता. मग तिने तोच प्रश्न विचारला जो ती तेव्हापासून घेऊन फिरत होती, की त्या दिवशी हाक कुणाला मारली होतीस, आमच्याकडे हाक कापून येते. आईने प्रामाणिकपणे आठवून पाहिलं. तिला तो दिवस वेगळा असा आठवेना. तसे दिवस रोजचेच होते.

"तोंडात आधी तुझंच नाव येतं," ती शेवटी म्हणाली. "मग जीभ चावते आणि त्या यंत्रातल्या बाईचं घेते. ती बिचारी काही बोलत नाही."

याला बटण नव्हतं. आई उठून आत गेली. पातेलं सरकवल्याचा आवाज आला, कपाटाचं दार वाजलं. ती पलंगावर बसून होती. संध्याकाळी तो पर्याय बंद करायचा, आठवणीने, असं ती मनाशी म्हणत होती आणि भिंतीवरचं ऊन किती सरकलं ते पाहत होती.

"साळू," आतून हाक आली.

उघड्या दारातून कपाटावरच्या यंत्राचा दिवा लागलेला दिसला. ते कशानेही जागं व्हायचं. हा तुकडा कदाचित जाईल, तिच्या मनात आलं, मास्तरांकडे नाहीतर आणखी कुणाकडे, हाक कापलेली, नुसती पुढची ओ, आणि ऐकणारा बोट उचलून विचार करत बसेल. बसू दे.

"ओ," ती म्हणाली, घराच्या पार टोकाला पोचेल इतक्या मोठ्याने.

आतून 'काही नाही' आलं नाही.

"इकडे ये," आई म्हणाली.